उजव्या कानातला पिवळा गोंडा

पठारावर कार्निव्हलच्या दिवसांत लामा या लोकरी जनावरांच्या कानांत रंगीत गोंडे ओवतात. ज्याच्या घराचा जो रंग, त्यावरून जनावर कोणाचं ते कळतं. सिप्रियानो चोकेचा रंग निळा. त्याची धाकटी बहीण फेलिसा लग्न होऊन माळापलीकडे गेली, तिच्या घरचा पिवळा.

पुढे युद्धाची हूल उठली आणि चिलीच्या लष्कराने सरहद्दीवरच्या त्या दोनशे पावलांच्या माळात सुरुंग पेरून तार ठोकली. सिप्रियानो चिलीचा राहिला, फेलिसा बोलिव्हियाची झाली. चौकीवरून जायला दोन दिवसांचा वळसा होता. आई फेलिसाकडे वारली तेव्हा तो तसा गेला, पण पोचेपर्यंत माती देऊन झाली होती. पुन्हा गेला नाही.

एकदा त्याची एक लामा तारेखालून निसटली. मेलीच असं सगळे म्हणाले. महिन्याने ती परत आली, ती उजव्या कानात पिवळा गोंडा घेऊन. पुढे ती लामा मेल्यावर तो गोंडा सिप्रियानोने टोपीच्या आत शिवला.

बेचाळीस वर्षांनी सुरुंग काढले. त्याने रेडिओवरून बहिणीला निरोप धाडला आणि कार्निव्हलच्या सोमवारी त्याच लामेची पणती घेऊन निघाला. तिचा उजवा कान त्याने मोकळाच ठेवला होता.

"नवरदेव निघाले!" शेजारीण युलोखिया ओरडली. "दाढीसुद्धा केलीय!"

तारेचे खांब होते तिथे येऊन तो थांबला. आता तिथे काहीच नव्हतं. पलीकडे फेलिसा उभी होती. वाकलेली, पण तीच.

"ये की गं!"

"तू ये! मोठा कोण आहे?"

"पाय उचलत नाही."

"माझा तरी कुठे उचलतोय, दादा!"

दोघांच्याही पायांना तो माळ अजून सुरुंगांचाच ठाऊक होता. शेवटी त्याने दोर सोडला. लामा चरत चरत पलीकडे गेली. फेलिसाने तिच्या कानात पिवळा गोंडा ओवला आणि पाठीवर थाप मारून तिला परत पाठवलं. ओल्या मातीत तिच्या परतीच्या पावलांची सरळ रांग उमटली.

सिप्रियानोने पहिल्या खुणेवर पाऊल ठेवलं. मग दुसरीवर.

"खाली काय बघतोस? माझ्याकडे बघ!"

"तुझ्याकडे बघितलं तर पाऊल चुकेल. तू नुसती बोलत राहा."

फेलिसा बोलू लागली. गुडघे, बटाटे, आईने शेवटी कोणाचं नाव घेतलं ते. आवाज जवळ येत होता. तो मान खाली घालून चालत राहिला.