लातूरच्या प्रयोगातला कलेक्टर

भुताखेतांवर माझा काडीचाही विश्वास नाही. सिनेमा-मालिकांत मी स्वतःच इतकी भुतं रंगवलीत, की खरं भूत समोर आलं तरी आधी त्याचा मेकअप बघेन! पण लातूरच्या त्या संध्याकाळचं काय करायचं... तुम्हीच सांगा.

लातूर नुकताच वेगळा जिल्हा झाला होता. पाऊस नव्हता, आनंद मात्र भरपूर. आमची नांदेडची नाटकमंडळी तिथल्या एका शाळेच्या हॉलमध्ये पाणीटंचाईवरचं नाटक घेऊन गेली. माणसं कमी, म्हणून पाणी मागायला येणारा म्हातारा मीच आणि तो गेल्यावर येऊन माठाजवळ बसणारा कलेक्टरही मीच. म्हातारा आत आला की दाढी काढायची, कोट चढवायचा, पुन्हा एन्ट्री!

पहिल्या रांगेत मुंबईचे एक सिनेदिग्दर्शक बसलेले – त्यांना चित्रपटासाठी कलेक्टर हवा होता. पसंत पडलो तर मुंबई. नाहीतर सोमवारपासून भोकरला काकांच्या सिमेंटच्या दुकानात बसायचं, असं वडिलांनी बजावलेलं.

म्हाताऱ्याचा प्रवेश संपला. विंगेत येऊन दाढी ओढली... निघेना!

"मामा, काय लावलंय हे?"

मेकअपवाले बाबूमामा शांतपणे म्हणाले, "नेहमीचा गम वाळून गेलता. सुताराचा सरस लावला. लई पक्का हाय."

"अन् आता काढायचा कसा?"

"गरम पाण्यानं."

पाणी! नळ कोरडे. अख्ख्या इमारतीत पाणी होतं ते फक्त स्टेजवर – कलेक्टरच्या टेबलाजवळच्या माठात.

मी दाढी ओढतोय, मामांनी माझं डोकं धरलंय... आणि बाहेर टाळ्या!

"मामा, एन्ट्रीला कोण गेलं?"

मामांनी पडद्याच्या फटीतून पाहिलं आणि माझं डोकं सोडलं. "तूच हाईस की रं भायेर!"

मीही पाहिलं. माझाच चेहरा, माझीच चाल, माझाच कोट – आणि माझा कोट तर इथं खुंटीवर! त्या कलेक्टरनं माठातून पेला भरला, ओठांपर्यंत नेला, समोरच्या लोकांकडं पाहिलं... आणि पाणी हळूच परत माठात ओतलं. हे नाटकात नव्हतंच! शिट्ट्या, टाळ्या, नुसता गोंधळ. पडदा पडला.

पलीकडच्या विंगेत धावलो. कुणी नाही. परत आलो, तर खुंटीवरच्या कोटाची उजवी बाही ओली.

शिपायाचं काम करणारे आमचे महादूभाऊ स्टेजवरून आले. "लेका, काय काम करून राहिला होतास! अन् एवढ्यात परत दाढी कशाला लावलीस?"

पाठोपाठ मुंबईचे दिग्दर्शक. "म्हातारा ठीक होता. पण कलेक्टर – वा! कोण तो?"

मी तोंड उघडायच्या आत मामा म्हणाले, "ह्योच की सायेब!"

भोकर टळलं. पुढं इन्स्पेक्टर, वकील, सासरे, दरोडेखोर, चारदोन प्रेतं – सगळं केलं. पेल्याचं ते काम मात्र कितीही रीटेक दिले तरी तसं जमलं नाही.

तो कोण होता? मला आजही ठाऊक नाही. सवय तेवढी लागलीय – भूमिकेचा कोट चढवण्याआधी उजवी बाही चाचपतो. कोरडी लागली की स्वतःला म्हणतो, "चला... आज आपल्यालाच करावं लागणार!"