खांबावर एक जीव आहे

मीटरची पेटी उघडण्याआधी दादा पकडीच्या मुठीने तिच्यावर तीन वेळा ठकठक करायचे आणि म्हणायचे, "आतल्यांनी बाहेर या. सरकारी काम हाय."

मग दोन पावलं मागे सरून थांबायचे. पेटीच्या खालच्या फटीतून एखादी पाल डोकं काढायची, इकडेतिकडे बघायची आणि भिंतीवरून सर्रकन वर जायची. तिच्यामागून कधी दुसरी. दोघी छपराच्या वाशापर्यंत पोचल्या की मगच दादा झाकणाला हात लावायचे. ज्यांच्या घरची वीज गेलेली असायची ती माणसं दारात घामाघूम उभी असायची. त्यांना हे थांबणं सहन व्हायचं नाही.

"वायरमन, पालीला काय विचारताय? उघडा की!"

"हात घालायच्या आधी विचारलेलं बरं," दादा म्हणायचे. "तिला चटका बसला तर फ्यूज पुन्हा जाईल, नि ती पण जाईल."

तुमच्या घरातही कुणी वायरमन येत असेल. पेटीतली मेलेली पाल पकडीने उचलून अंगणात फेकणारा तुम्ही पाहिला असेल. मीही तसेच पाहिले होते. त्यामुळे किन्हवलीकडच्या एका वीज उपकेंद्रात मी ऑपरेटर म्हणून लागले, तेव्हा हे गृहस्थ मला जरा विचित्रच वाटले.

माझं काम पॅनेलसमोर बसायचं. तारेवर काम करायला चढणारा माणूस आधी मला फोन करतो. मी लाइन बंद करते, वहीत त्याचं नाव आणि वेळ लिहिते, त्याला परमिट देते. काम संपवून, खाली उतरून, त्याने स्वतःच्या तोंडाने परमिट परत केलं की मग मी लाइन चालू करायची. त्याआधी नाही. कुणीही सांगितलं तरी नाही. खांबावरच्या माणसाचा जीव त्या एका नियमावर असतो. मी नवीन असताना दादांनी मला हे जितक्या वेळा ऐकवलं, तितक्या वेळा माझ्या वरिष्ठांनीही ऐकवलं नसेल.

"ताई, तुझा हात बटणावर. आमचा हात तारेवर. मधे फक्त इश्वास."

बाकीचे वायरमन मान वर करून, तारा बघत चालायचे. दादा तारा तर बघायचेच, पण त्यांची अर्धी नजर खाली असायची. दगडांवर, कुंपणाच्या खुंटांवर, मोऱ्यांच्या तोंडाशी. उपकेंद्राबाहेरच्या रस्त्याला एक दगडी मोरी आहे. तिच्या आतल्या भिंतीवर हाताच्या पंजाएवढ्या, ठिपक्याठिपक्यांच्या पाली राहतात. त्या मोरीवरून मी दोन वर्षं ये-जा केली होती आणि एकही पाहिली नव्हती. दादांनी एका दुपारी मला वाकायला लावून दाखवल्या. "घरातली पाल दिव्यावर जगते," ते म्हणाले. "हिला दिवा चालत नाय. हिला थंड दगूड पायजे. दोघींची जात येगळी, राहणी येगळी."

असं त्यांचं चालू असायचं. आमच्या सापगावच्या घरी एकदा मागच्या पडवीत काहीतरी चकचकीत, तपकिरी सळसळलं. मी आणि आई ओरडत बाहेर आलो. मी दादांना फोन लावला, कारण त्या घडीला दुसरं कोणी आठवलं नाही.

"पाय हायत का?" त्यांनी विचारलं.

"मी कशाला बघू पाय?"

"बघ. चार पाय असतील तर सापसुरळी. किडे खाते. दार उघडं ठेव, तिची ती जाईल."

पाय होते. आई अजून तिला सापाची मावशीच म्हणते, पण झाडू उचलत नाही.

पावसाळा जवळ आला की सरडे कुंपणावर चढतात. नराचं डोकं आणि गळा लालभडक होतो आणि तो पुढच्या पायांवर जोर काढल्यासारखा खालीवर होत राहतो. लोक त्याला दगड मारतात. तो रक्त शोषतो म्हणतात. चहाच्या टपरीवर एकाने असाच दगड उचलला, तेव्हा दादांनी त्याचं मनगट धरलं. "रगत तुझं कमी झालंय का? मग? लगीन हाय त्याचं. फेटा बांधलाय." टपरीवर हशा झाला, दगड खाली पडला. दादांना माणसाला न दुखावता अडवता यायचं. पण नेहमी नाही, आणि ते मी आता सांगणार आहे.

मे महिन्यातली दुपार होती. दादांचा फोन आला. आवाज धापा टाकत होता.

"ताई, फीडर बंद कर. आधी बंद कर, मग इचार."

मी ब्रेकर पाडला. त्या फीडरवरच्या सतरा-अठरा पाड्यांची वीज गेली. वहीत नाव लिहिलं, परमिट दिलं आणि मग विचारलं, "काय झालं दादा?"

"घोरपड हाय. डीपीवर."

चार माणसं कुत्री घेऊन तिच्या मागे लागली होती. पळताना ती डीपीच्या, गुळवेल चढलेल्या खांबाला बिलगली आणि वर चढत ट्रान्सफॉर्मरच्या टोकाशी जाऊन बसली. आणखी हातभर सरकली असती तर जळून खाली पडली असती. तिथला स्विच अडकून बसला होता, म्हणून अख्खा फीडर बंद करण्याशिवाय इलाज नव्हता. खाली ती चार माणसं पोतं घेऊन उभीच होती. मेलेली पडली तरी त्यांना चालणार होती.

दहा मिनिटांत फोन सुरू झाले. एका पाड्यावर लग्न होतं, दुसरीकडे पाण्याचा पंप थांबला होता, गिरणीवाला तर रडकुंडीला आला होता. मग साहेबांचा फोन आला.

"कशासाठी बंद आहे?"

मी सांगितलं.

"एका घोरपडीसाठी? चालू करा."

"साहेब, परमिट परत आलेलं नाही."

"तो खाली उभा असणार. मी बोलतो त्याच्याशी."

पुढचं मला नंतर दादांनीच सांगितलं. साहेबांचा नंबर फोनवर दिसला तेव्हा ते खरंच खाली उभे होते. खोटं बोलायचं नव्हतं. म्हणून त्यांनी फोन वाजू दिला, चुकून वीज आलीच तर जमिनीत जावी म्हणून तारा जमिनीला जोडून घेतल्या, पट्टा कमरेला लावला, डीपीच्या दुसऱ्या खांबावर चढले आणि फोन पुन्हा वाजल्यावर वरून उचलला. "साहेब, मी खांबावर हाय."

आता लाइन चालू करणं कुणाच्याच हातात नव्हतं.

पावणेदोन तास ते तिथे बसून होते. लोखंडाला हात लागला की चर्र होत होतं. समोर पाच-सहा हातांवर घोरपड. तिच्या छातीचा भाता खालीवर होत होता आणि मधूनच निळसर, दुभंगलेली जीभ बाहेर येत होती. खालून माणसं हाका मारत होती. "दादा, खाली ढकला की! तुमालाबी वाटा देऊ!" मी उपकेंद्रात बसून होते. टेबलावरचा फोन थांबत नव्हता. साहेबांनी तिसऱ्या वेळी जरा हळू आवाजात विचारलं, "तुम्हाला नोकरी नको झाली आहे का?" माझी नोकरी तेव्हा पक्कीही झालेली नव्हती. मी पुन्हा तेच म्हणाले, "साहेब, परमिट परत आलेलं नाही."

शेवटी लग्नाच्या पंगती उठायला लागल्याचं कुणीतरी सांगत आलं आणि पोतंवाली माणसं जेवायला निघून गेली. कुत्रीही त्यांच्या मागे गेली. दादा हळूहळू उतरले आणि लांब, आंब्याच्या सावलीत जाऊन उभे राहिले. मग ती खाली आली, वेलीवर नखं खरवडत, थांबत थांबत. जमिनीवर पाय टेकल्यावर मात्र जी सुटली ती थेट ओढ्याच्या करवंदीत. दादांनी वर जाऊन जमिनीला जोडलेल्या तारा सोडवल्या आणि मला फोन केला.

"ताई, परमिट परत. माणूस खाली, सामान खाली. लाइन चालू कर."

मी लाइन चालू केली आणि टेबलावर डोकं टेकून बसले.

त्या संध्याकाळी ते उपकेंद्रात आले. दोन्ही तळहात भाजून लाल झाले होते. मी त्यांना चहा दिला, पण कप धरवेना, म्हणून तो टेबलावरच निवत राहिला. मला राग आला होता. मी विचारलं, "एवढं कशासाठी, दादा?"

"मी पण खाल्लीय घोरपड," ते म्हणाले. "बाप आणायचा. आमच्या गावात कोण नाय खाल्ली? पण नोकरीला लागलो त्या साली आखाडात अशीच एक डीपीवर जळाली. मी उतरवली. पोट फाटलं होतं, आत अंडी होती. मोजली मी. नको मोजायला होती." मग माझ्याकडे बघून म्हणाले, "तुझ्या अंगावर आलं माझ्यामुळं."

"मी नियमानेच वागले," मी म्हणाले. माझा राग तेवढ्यात संपला होता.

त्यांच्याकडे लेखी खुलासा मागितला. त्यांनी एकच ओळ लिहिली: 'खांबावर एक जीव असल्यामुळे लाइन चालू करता आली नाही.' मला समज देऊन सोडलं. दादांची बदली मुरबाडच्या डोंगराकडच्या गावांमध्ये झाली. जिथे पावसात लाइन पडली की दिवसभर चालावं लागतं, तिथे. त्यांनी तक्रार केली नाही. तिकडे गेल्यावर पहिला फोन केला तो हे सांगायला की, खांबाचा खड्डा खणताना दगडाखाली जाड शेपटीची एक पाल निघाली होती. मजूर विषारी म्हणून फावडं उगारून उभे राहिले, तर दादांनी तिला तळहातावर घेतली. "ताई, ही डोळे मिटते गो! पापण्या हायत तिला. आपल्या घरच्या पालीला नसतात."

बदलीमुळे एक फरक मात्र पडला. "साहेबाला सरडा सांगायचा नाय," ते मला म्हणाले. "साहेबाला लाइन सांगायची." डीपीच्या खांबांना तेलाच्या डब्यांचा पत्रा गुंडाळायचा, म्हणजे नखं रुतत नाहीत, हे त्यांनी वरच्यांना पटवलं ते 'फीडर कमी वेळा ट्रिप होतो' असं सांगून. पत्रा कापायचं काम ते रविवारी घरी बसून करायचे. तीन वर्षांत त्यांच्या हद्दीतला एकही डीपी त्यांनी पत्र्याविना ठेवला नाही.

निवृत्त झाल्यावर त्यांनी मला एप्रिलमध्ये बोलावून घेतलं. त्यांच्या गावावरच्या माळावर नेलं. ऊन मी म्हणत होतं. त्यांनी मला एका मोठ्या दगडाआड पोटावर झोपायला लावलं. मी पंचेचाळिशीची बाई, साडीत. झोपले. समोर एका धोंड्यावर बोटभर लांबीचा मातकट सरडा मागच्या पायांवर उभा राहिला आणि त्याने गळ्याखालची पिशवी पंख्यासारखी उघडली. पांढरीशुभ्र, मधे निळी रेघ. मिटली, पुन्हा उघडली. पलीकडच्या धोंड्यावर दुसऱ्याने उत्तर दिलं.

"प्रत्येकाचा दगूड ठरलेला," दादा कुजबुजले. "दुसऱ्याला चढू देत नाय. नि ह्याच दगडांवरनं नवी लाइन जायचीय. खड्डे भरायला दगूड इथलेच उचलणार."

त्या वर्षी ते सगळ्या ग्रामसभांना गेले, तालुक्याच्या कार्यालयात सात फेऱ्या मारल्या. सरड्याचं नाव एकदाही काढलं नाही. फक्त सांगत राहिले की, पावसात ह्या माळावर गवत कमरेपर्यंत येतं, धुकं उतरतं, वीज पडते. बिघाड झाला तर वायरमनला शोधायला दिवस जाईल. लाइन रस्त्याकडेने न्या. दोन खांब जास्त लागतील, पण पाडे अंधारात राहणार नाहीत. यातलं एक अक्षरही खोटं नव्हतं. सातव्या फेरीला एका तरुण अधिकाऱ्याने नकाशावरची रेघ खोडून नवी ओढली.

ती लाइन चालू झाली त्याच्या पुढच्या हिवाळ्यात दादा गेले. कावीळ झाली होती, अंगावर काढली. त्यांच्या दिवसकार्याला मी मुरबाडहून एका नव्या वायरमनच्या मोटारसायकलवर गेले. ही वायरमन मुलगी कोणत्या तरी दूरच्या जिल्ह्यातून इकडे नेमणुकीला आली होती, चपळ आणि बडबडी.

माळापाशी आल्यावर तिने गाडी हळू केली. सरळ येणारे खांब तिथे एकदम रस्त्याच्या बाजूला वळतात, माळाला लांबचा वळसा घालतात आणि पलीकडे पुन्हा सरळ होतात.

"मॅडम, मी रोज बघते," ती म्हणाली. "मधून नेली असती तर दोन खांब वाचले असते. अशी कोणी काढली ही लाइन?"

मी तिला गाडी बंद करायला सांगितली आणि दादांचं पूर्ण नाव सांगितलं.