काबूलचा शिक्का

माझ्या हातून गेलेला अर्ज परत येत नाही, अशी नॉटिंगहॅमच्या आमच्या मराठी मंडळात माझी ख्याती आहे. व्हिसा, पासपोर्ट, कौन्सिलची पत्रं, मुलांच्या शाळेची अपिलं, कुणाचंही काही अडलं की ते माझ्याकडे येतात. मी आधी त्यांना चार शब्द सुनावते, मग चहा देते आणि मग काम करते. वडील पुण्याला सरकारी कचेरीत हेडक्लार्क होते. लोक सुट्टीच्या दिवशीही घरी अर्ज तपासून घ्यायला यायचे. एक जरी कागद कमी असला तरी वडील अर्ज बाजूला सारायचे. समोरचा माणूस कितीही गयावया करो, ते "आधी कागद आणा" एवढंच म्हणायचे. मला त्यांचा फार अभिमान वाटायचा. त्यांची ती सवय मी इथे घेऊन आले आणि आजवर तिच्यावर मिरवत आले.

आमच्या घराला भिंत लागून असलेल्या घरात एक अफगाण कुटुंब राहतं. तो बस चालवतो. तिकडे असताना ब्रिटिश सैन्याचा दुभाषा होता, म्हणून बायको-मुलांसकट त्याला इथे यायला मिळालं. सिनेमे बघून शिकलेली त्याची हिंदी माझ्या पुणेरी हिंदीपेक्षा बरीच गोड आहे. आमचं सगळं बोलणं हिंदीतच चालतं. तो मला दीदी म्हणतो. त्याच्या बायकोने तंदूरचा नान कुंपणावरून द्यायचा आणि मी त्याच थाळीत पुरणपोळी किंवा अळूवडी परत द्यायची, असा आमचा कित्येक वर्षांचा रिवाज आहे.

त्याची धाकटी बहीण काबूलला मुलींच्या शाळेत गणित शिकवायची. तिच्या नवऱ्याच्या डोळ्यांचा पडदा सुटत चालला होता. दिल्लीच्या एका दवाखान्यात ऑपरेशन ठरलं होतं. त्यासाठी दोघांना भारताचा व्हिसा मिळाला होता आणि ऑगस्टमधल्या एका गुरुवारच्या विमानाची तिकिटंही काढून झाली होती.

त्याच आठवड्यात तिकडची शहरं एकामागून एक पडायला लागली. सोमवारी संध्याकाळी तो बसचा युनिफॉर्म न बदलताच आमच्याकडे आला. इंग्रजांसाठी काम केलेल्या माणसाची सख्खी बहीण म्हणून तिला धोका होता. तिला आणि तिच्या नवऱ्याला इथे आणायचा अर्ज करायचा होता, आणि तो मीच लिहावा अशी त्याची इच्छा होती. मी चष्मा लावला, जेवणाच्या टेबलावरची भांडी बाजूला केली आणि त्याने आणलेले कागद ओळीने मांडले. जन्माचा दाखला होता, शाळेच्या नोकरीचं पत्र होतं, त्याच्या सैन्यातल्या कामाची पत्रं होती. लग्नाचा दाखलाही होता, पण त्यावर तिकडच्या परराष्ट्र खात्याचा शिक्का नव्हता. त्या शिक्क्याशिवाय परदेशात तो कागद म्हणजे रद्दीच, असं मी त्याला सांगितलं.

त्याने विचारलं, ती दोघं गुरुवारी दिल्लीला जातातच आहेत, तर उरलेलं तिथून करू या का? आहे तसा अर्ज आज पाठवून द्यायचा आणि शिक्क्याचं नंतर बघायचं.

त्याचा प्रश्न अगदी साधा होता आणि त्यातच उत्तरही होतं. पण मला त्याचं हसू आलं. दिल्लीत बसून काबूलचा शिक्का कुठून आणणार? आणि भारतातली ऑफिसं काय असतात हे मला कोण सांगणार? तिथे एकदा अडकले की वर्ष जाईल. अर्धवट अर्ज पाठवला तर तो ढिगाच्या तळाशी जाईल. मी हे सगळं त्याला एखाद्या शाळकरी मुलाला समजवावं तसं समजावून सांगितलं. शेवटी म्हटलं, "दिल्ली कुठे पळून जात नाही. आधी शिक्का घेऊ दे, मग जाऊ दे."

त्याने मान हलवली आणि आमच्याच दारात उभं राहून बहिणीला फोन लावला. त्यांची भाषा मला येत नाही. पण ती बराच वेळ काहीतरी विचारत होती आणि तो पुन्हा पुन्हा एकच वाक्य म्हणत होता, एवढं मला कळलं. तिकिटं पुढच्या मंगळवारवर ढकलली गेली.

रात्री जेवताना नवरा म्हणाला, "अगं, तिकीट हातात आहे ना त्यांच्या? मग जाऊ दे की. डॉक्युमेंट्स काय, नंतर स्कॅन करून पाठवता येतील." मी त्याला म्हटलं, तू आयुष्यात स्वतःचा टॅक्स फॉर्म तरी भरलायस का? त्याने आणखी भात वाढून घेतला. या माणसाला गप्प बसवणं मला फार सोपं जातं, आणि त्या दिवशी तरी ते जमायला नको होतं.

टीव्हीवरचे जाणकार राजधानी काही महिने तरी टिकेल असं सांगत होते. मला ते पटतही होतं. सरकार म्हणजे माझ्या डोक्यात वडिलांची कचेरी होती. मंत्री बदलतात, पक्ष बदलतात, पण खिडकीमागचा कारकून साडेदहाला येऊन बसतोच. तो बसलेला नसेल असा दिवस मी कल्पनेतही पाहिला नव्हता.

गुरुवारी ती दोघं विमानतळाऐवजी खात्याच्या रांगेत उभी राहिली. दुपारी खिडकी लवकर बंद झाली. शुक्रवारी तिकडची साप्ताहिक सुट्टी. शनिवारी एवढी गर्दी होती की त्यांना फाटकाच्या आतही जाता आलं नाही. मधल्या काळात गुरुवारचं ते विमान वेळेवर दिल्लीला उतरलं होतं. हे मला त्याने सांगितलं नाही, मीच मोबाइलवर शोधून पाहिलं. का पाहिलं कुणास ठाऊक. तेव्हापासूनच आत कुठेतरी टोचत असणार.

रविवारी पंधरा ऑगस्ट होता. साथीच्या बंदीनंतर मंडळाचा तो पहिलाच कार्यक्रम, आणि झेंडावंदनाची सगळी जबाबदारी माझ्यावर होती. सकाळी साडेसातला मी साडीच्या निऱ्या काढत होते तेव्हा फोनवर फोटो आला. लग्नाचा दाखला, आणि खाली उजव्या कोपऱ्यात गोल निळा शिक्का, जरासा फराटा ओढलेला. मागोमाग त्याचा मेसेज आला. बहीण पहाटे चारपासून रांगेत होती. खिडकीमागे एकच माणूस उरला होता आणि तो उभ्या-उभ्याच शिक्के मारत होता. माझा जीव भांड्यात पडला. मी नवऱ्याला फोटो दाखवला आणि म्हटलं, बघ, झालं की नाही? संध्याकाळी घरी आल्यावर सगळं नीट लावून अर्ज पाठवते, असं मी शेजाऱ्याला कळवलं. चुरगळलेला कागद नीट स्कॅन करून हवा, असंही लिहिलं. एवढं होऊनही मला नीट स्कॅन हवा होता.

हॉलमध्ये जन गण मन झालं, मुलांची गाणी झाली. मी माइकवरून स्वातंत्र्यावर दोन शब्द बोलले. मग पुरी-भाजी आणि श्रीखंडाच्या रांगा लागल्या. मी वाढायला उभी होते. कुणीतरी ताट पुढे करत सहज म्हणालं, काबूल गेलं, ऐकलंत का? राष्ट्राध्यक्ष विमानात बसून देशाबाहेर गेले म्हणे. दुसरं कुणीतरी म्हणालं, असे पळपुटे असतील तर दुसरं काय होणार. तिसऱ्याने श्रीखंडात वेलची छान पडलीय असं सांगितलं. मी डाव हातात धरून तशीच उभी राहिले. मला त्या राष्ट्राध्यक्षांचा भयंकर राग आला. इतका की माझ्या तोंडून मराठीत एक शिवी गेली आणि समोरच्या काकू दचकल्या. ते गेले, त्यांचे मंत्री गेले, आणि तो शिक्का ज्या सरकारचा होता ते सरकार दुपारच्या जेवणापर्यंत उरलं नाही.

पण खरं सांगायचं तर तो राग सोयीचा होता. ते पळाले म्हणून ती अडकली, असं म्हणून मी कितीतरी महिने काढले. ते गेले रविवारी. तिला जायचं होतं गुरुवारी.

घरी येऊन साडी न बदलता मी अर्ज पाठवला. आयुष्यात इतका पूर्ण अर्ज मी दुसरा पाठवला नसेल. मिनिटभरात पोहोचल्याची पावती आली आणि त्यानंतर काहीही आलं नाही. पुढचे दहा-बारा दिवस ती दोघं विमानतळाच्या फाटकापाशी जाऊन आली. एकदा तिच्या नवऱ्याला गर्दीत धक्का लागून तो पडला, कारण तोवर त्याला बाजूचं नीट दिसत नव्हतं. तेव्हा ती परत फिरली. मंगळवारचं विमान अर्थातच उडालं नाही. महिना संपायच्या आत भारताने जुने व्हिसा रद्द केले, म्हणजे दिल्लीही बंद झाली.

त्यानंतर मी अर्ज लिहीतच राहिले. या योजनेचा, त्या योजनेचा, खासदारांना पत्रं, संस्थांना पत्रं. दर दोन-तीन महिन्यांनी तो कागद घेऊन यायचा आणि आम्ही त्याच टेबलावर बसायचो. मी आता कुणाला सुनावत नव्हते. बहीण कशी आहे असं विचारलं की तो म्हणायचा, ठीक आहे, नेटवर्क नसतं, बोलणं होत नाही फारसं. तिची शाळा बंद झाली होती, तिच्या नवऱ्याचं ऑपरेशन राहून गेलं होतं. त्या सोमवारच्या संध्याकाळबद्दल तो माझ्याशी एक अक्षरही बोलला नाही. मीही विषय काढला नाही. त्याने मला माफ केलं असावं असं मी ठरवून टाकलं होतं.

या वर्षी ईदला त्याने आम्हा दोघांना जेवायला बोलावलं. पुलाव वाढत असताना त्याच्या बायकोच्या फोनवर काबूलहून व्हिडिओ कॉल आला. तिने फोन माझ्यासमोर धरला. मी बहिणीला पहिल्यांदाच अशी समोरासमोर पाहत होते. माझ्या मनातल्यापेक्षा ती खूप लहान होती. शेजारी तिचा नवरा बसला होता. माझा आवाज ऐकून तो हसला आणि त्याने नमस्कार केला, पण तो कॅमेऱ्याच्या बराच डावीकडे बघत होता. आता त्याला फक्त उजेड-अंधार कळतो, असं तिने सांगितलं.

मग भावासारख्याच गोड हिंदीत ती मला म्हणाली, "दीदी, तुम्ही आमच्यासाठी किती केलंत. तुमच्यासारखं कुणी आम्हाला तेव्हा सांगायला असतं तर आम्ही गेलो असतो. माझ्या भावाने मला थांबवलं. कागद, कागद करत बसला."

तो माझ्या शेजारीच होता. मी त्याच्याकडे पाहिलं. त्याने खाली बघत माझ्या ताटात आणखी पुलाव वाढला. फोन त्याच्यापर्यंत गेलाच नाही. ती भावजयीशी बोलली, मुलांशी बोलली आणि तिने फोन ठेवला. नेटवर्कला काहीही झालेलं नव्हतं. इतकी वर्षं ती त्याच्याशी बोलतच नव्हती.

निघताना दारात मी त्याला विचारलं, तिला खरं का नाही सांगितलंस? तो जोडे सरळ करत होता. म्हणाला, "माझ्यावर ती रागावली तरी भाऊच आहे मी तिचा. तुमच्यावर रागावली असती, तर तुम्ही परत परत अर्ज लिहिले असते का, दीदी?"

मी हो म्हणायला हवं होतं. लिहिले असते, नक्की लिहिले असते, असं म्हणायला हवं होतं. पण त्याने मला इतक्या वर्षांत पुरतं ओळखलं होतं. मी चप्पल घातली आणि घरी आले.

परवा तो पुन्हा एक फॉर्म घेऊन आला. बहिणीचा नंबर त्यावर होता, बोलण्यासाठी लागला तर असू द्या म्हणाला. मी तो फोनमध्ये टाकून ठेवला आहे. दोनदा मेसेज लिहायला घेतला, हिंदीत, आणि दोन्ही वेळा पुसून टाकला. शेवटी हे सगळं मराठीत लिहायला बसले. ती दोघंही भावंडं मराठी वाचत नाहीत, हे मला चांगलं ठाऊक आहे.