मयताला कोण कोण आलं होतं

नुआला हेस्लिनबाईंना मी ओळखत होतो, असं म्हणणं धाडसाचं होईल. शॅनन नदीच्या काठी एकाच पाणंदीवर आमची घरं होती. तरी लिहिताना त्या हसायच्या की दातओठ खायच्या, हे मला शेवटपर्यंत कळलं नाही.

जिल्ह्याच्या साप्ताहिकात आमच्या ड्रमकीलन गावाची खबर त्या लिहीत. आम्हा आयरिश लोकांत मयताला कोण आलं होतं ते छापून येतं, आणि मतं बरीचशी त्यावरच पडतात. म्हणून कौन्सिलर फिंटन गॅफी एकही मयत चुकवत नसत. मेलेल्याची ओळख असलीच पाहिजे असं नव्हतं. आत पाऊल टाकायचं, चहा-सँडविचला न थांबता बाईंच्या नजरेस पडायचं आणि पुढच्या मयताला निघायचं.

एकदा बाईंनी लिहिलं, 'कौन्सिलर गॅफी यांनी दारातूनच शोक व्यक्त केला. मोटार चालूच होती.' तो अंक दुपारीच संपला.

गॅफी बाईंच्या स्वयंपाकघरात आले. मी अंडी न्यायला गेलो होतो, तो कोपऱ्यात चोरासारखा उभा राहिलो.

"बाई, जरा सांभाळून घ्या की. तुमच्या दारापर्यंत डांबर टाकून देतो."

"टाका. तेही लिहीन."

डांबर पडलं. बाईंनी लिहिलं, 'रस्ता हेस्लिन यांच्या फाटकाशी संपतो. पुढे मॅलकी राहतो. त्याच्याकडे अजून मयत झालेलं नाही.' मॅलकी म्हणजे मी. बरेच दिवस मी दुकानाकडे फिरकलो नाही.

मग बाईंना संपादकांचा फोन आला. साप्ताहिक कौन्सिलच्या जाहिरातींवर चालतं, हे ते बोलले नाहीत. तरुणांना संधी द्यायची आहे, म्हणाले. खबर गॅफींच्या पुतणीकडे गेली. तेव्हापासून गॅफी प्रत्येक मयताला सर्वांच्या आधी येतात आणि सर्वांच्या नंतर जातात. एका मंगळवारी तर त्यांनी एकाच वेळी दोन गावांत खांदा दिला. निवडणुकीत ते मतमोजणीच्या पहिल्याच फेरीत निवडून आले.

बाईंनी मयताला जाणं सोडलं. लिहायचंच नाही तर नुसतं उभं राहून काय करू, म्हणाल्या. पण मी परतताना त्या फाटकाशी असायच्या. त्यांना एखादी तरी नेमकी गोष्ट सांगावी असं मला फार वाटे, पण मी पडलो खाली मान घालून उभा राहणारा.

त्या गेल्या त्याच्या आदल्या आठवड्यात म्हातारा गिलहूली वारला. मी मयताहून परत आलो.

"कोण कोण होतं?"

"बरीच माणसं होती."

"गॅफी?"

"असतील. मी पाहिलं नाही."

"सँडविच कसले होते?"

"हॅमचे."

"तेवढं तरी नजरेस पडलं म्हणायचं," त्या म्हणाल्या. "अंडी काढून ठेवलीत, घेऊन जा."