देण्याघेण्याच्या साड्या आणायला सुरतेला

वैशालीचं लग्न ठरलं आणि घरातला पहिला प्रश्न मानपानाच्या साड्यांचा निघाला. अमळनेरपेक्षा सुरत स्वस्त, यावर सगळ्यांचं एकमत. नव्वदच्या दशकातली ही गोष्ट. आम्ही मायलेकी पॅसेंजरने निघालो. वेळ भरपूर लागतो, तेव्हा भाकरी-चटणी बांधून घ्या. सुरतेच्या अलीकडे उधन्याला उतरलं, की नवागामला जायला रिक्षा मिळते.

नवागामला माझी धाकटी बहीण सुशी राहते. तिचे यजमान लूमवर, म्हणजे यंत्रमागावर, कामाला. गल्लीत शिरताच मागांचा खडखडाट सुरू होतो. पहिल्या दिवशी त्यात आपलंच बोलणं ऐकू येत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिघी रिंग रोडच्या मार्केटला गेलो. पोटभर खाऊन जा. आम्ही उपाशी गेलो, आणि भुकेलं माणूस लवकर हो म्हणतं असा माझा अनुभव आहे. पांढऱ्या गादीवर बसवून दुकानदाराने चहा मागवला आणि विचारलं, “बेन, पेहरने की दिखाऊँ, के देने-लेने की?”

मी सहज म्हणाले, देण्याघेण्याच्या. साड्यांचा ढीग पडू लागला. एकेक बाजूला ठेवताना मला चक्क श्रीमंत वाटत होतं. एवढी स्वस्त, मग आणखी दोन असू देत. कुणासाठी, ते नंतर बघू. शिवाय चहा पिऊन झालेला, एवढ्या घड्या मोडलेल्या, उठायचं कसं?

“आई, म्हणजे या कुणीच नेसायच्या नाहीत?” वैशालीने विचारलं.

दुकानदार हसला. त्याचं म्हणणं, ही साडी नेसायची नसतेच, एका लग्नातून दुसऱ्या लग्नात जाते.

सुशी म्हणाली, “मनी पेटी असल्याच साड्यासनी भरेल शे, ताई.” माझंही कपाट वेगळं नव्हतं. पण मानपान चुकला तर सासरी पोरीला टोमणे बसणार. तसं मी बोलून दाखवलं.

“राहायचं मला आहे ना? मग मीच विचारते,” म्हणत वैशाली समोरच्या एसटीडी बूथमध्ये शिरली. लग्नाआधी मुलीने सासूला असा फोन करायची आमच्याकडे पद्धत नव्हती. मी काचेच्या अर्धवट उघड्या दाराशी कान लावून उभी. तिने सरळ सांगितलं, तुम्ही आम्हाला देऊ नका, आम्ही तुम्हाला देत नाही. हवी तर नेसायची एकेक घेऊ. मग बाहेर येऊन तिने विहीणबाईंचं उत्तर सांगितलं, मला चालेल, पण आमच्या आक्कांना तुझ्या आईनेच सांगायचं.

दुकानदार थोडा नाराज झाला. आम्ही तिघींना एकेक अशा तीनच साड्या घेतल्या, सुती, नेसायच्या. मग खमण खाल्लं आणि दुसऱ्या दिवशी परतलो.

आक्का म्हणजे नवऱ्या मुलाची आत्या. मी स्वतः जाऊन सांगितलं. “सुरतेला जाऊन हात हलवत आलात होय,” असं त्या म्हणाल्या, आणि लग्नात जेवल्या पण माझ्याशी बोलल्या नाहीत. वैशालीला मात्र कुणी बोललं नाही. विहीणबाईंनी बोलू दिलं नाही.

पुढे ‘साड्या न दिलेलं लग्न’ मी इतक्यांना सांगितलं, की लोक भारी शालू दाखवतात तसाच मी साधेपणा मिरवते आहे की काय, अशी शंका येते. ती खोटी नसावी. आजही बाजारात स्वस्त काही दिसलं की हात पुढे जातोच. पण बूथमध्ये माझ्या लेकीचा आवाज एकदाही कापला नाही, एवढं मी कुणालाही सांगते, आणि ते सांगताना संकोच करत नाही.