मोक्षाची धास्ती

वच्छे, माह्या मैतरणी, अनसिंगच्या वेशीवर मले फराळाचं गाठोडं देताना तू रडली, तवा मी चिडली होती तुयावर. मरायले काय मी चालली होती? मरायले चालल्या होत्या आत्याबाई, माही सासू. वैद्यानं हात टेकले अन् त्यांनी हट्टच धरला, देह काशीतच ठेवीन. संग कोण जाईल? घरात रिकामी मीच, विधवा सून. दीर म्हणे, आठ-पंधरा दिवसांची गोष्ट आहे.

आत्याबाई काही मेल्या नाहीत. गंगेच्या पाण्यानं म्हण नाहीतर हवेनं, महिन्याभरात त्या उठून घाटावर जाऊ लागल्या. दीर पेरणीसाठी परतले, आमी दोघी राहिलो. काशीवासाले आलेल्या माणसानं मग हद्दीबाहेर पाऊल टाकू नये, बाहेर जीव गेला तर मोक्ष हुकला. आमच्या गलीतून दिवसभर तिरड्या जायच्या. पहिले पहिले माह्या गळ्याखाली घास उतरत नव्हता. मग घागर सांभाळत नुसती भिंतीले टेकायची, तिरडीले वाट द्यायले.

अकराव्या वर्षी आत्याबाईनं पुन्हा अंथरूण धरलं. मले एकच घोर, शेवटच्या घडीले तोंडात गंगाजल पडलं पाहिजे. तांब्या उशाशीच ठेवला. अन् एका दुपारी त्या म्हणतात, "मले घरी नेऊन घाल."

मी म्हटलं, इतकी वर्षं काढली अन् आता हे काय? त्यांनी माहा हात धरला.

"इथं मेली तर पुन्हा जन्म नाही म्हणतात. मंग मी अनसिंगले परत कशी येईन वं?"

पापाले भ्याली मी. उद्या पाहू, उद्या पाहू म्हणत चार दिवस काढले. पाचव्या दिवशी त्या गेल्या. पंडाजी म्हणाले, बडी भाग्यवान. मले मात्र वाटून राह्यलं होतं, की त्यांच्या तोंडावर मीच घराचं दार लावलं.

मीही मग इथंच राहिली. यात्रेकरूंचा स्वैपाक करते, झोपेतही हिंदी बोलते म्हणे. आता चार पायऱ्या चढल्या की छाती भरून येते. शेजारणी म्हणतात, काकी, तुमचं बरं आहे, मरायले कुठं जावं लागत नाही. मी हसते अन् बोटांवर दिवस मोजते.

एकादशीले वऱ्हाडातली माणसं परत निघतात, त्यांच्यासंग येते. लुगडी बांधून ठेवली. रोज सकाळी डोळा उघडला की पहिले छातीवर हात ठेवून पाहते. हद्द ओलांडेपर्यंत टिकू दे रे देवा. गाडीत गेली तरी चालेल, वच्छे, फक्त इथं नको. मले आणखी एक जन्म पाहिजे, अन् तो अनसिंगातच.

आत्याबाई तिथं भेटणार नाहीत, हे मले ठाऊक आहे.