दोनवरच वाहवा

संगीताच्या मुकाबल्याचे सिनेमे आमच्या घरी फार पाहिले जातात आणि ते पाहताना माझ्या सासूबाई फार बोलतात. दोन वादकांचं हाडवैर असतं. एकाची बोटं रक्ताळतात, दुसऱ्याच्या सतारीची तार ऐन वेळी तुटते आणि शेवटी हरलेला माणूस जिंकलेल्याच्या पाया पडतो किंवा नदीच्या दिशेने चालू लागतो. यातलं मला काहीच खटकत नाही. खटकतात ते भोवतीचे प्रेक्षक. एवढा दरबार भरलेला आणि एकालाही खोकला नाही. कुणी थर्मास उघडत नाही, शाल शोधत नाही, ‘मध्यंतर कधी हो?’ असं विचारत नाही. नुसते टक लावून बसतात आणि नेमक्या वेळी ‘वाह’ म्हणतात. अशी माणसं आणतात कुठून?

व्हॉट्सअ‍ॅपवरून आणतात. आमच्या नोएडातल्या मराठी मंडळाच्या ग्रुपवर निरोप आला की इथल्याच एका स्टुडिओत शूटिंग आहे, मराठा संस्थानाच्या दरबारात दोन तबलजींचा मुकाबला होणार आहे आणि दरबारात बसायला बायका हव्या आहेत. नऊवारी स्वतःची हवी, नेसताही स्वतःला आली पाहिजे, जेवण मिळेल. नेसण्याच्या अटीवर निम्मा ग्रुप गप्प झाला. मीही गप्प बसणार होते. आठवडाभर ऑफिसात माणसांच्या रजा आणि रुसवे सांभाळल्यावर रविवारी मला कुणाच्याही दरबारात बसायची हौस नसते. पण तो निरोप मी जेवताना मोठ्याने वाचला.

सासूबाईंचा घास हातातच राहिला. “त्या बायका सिनेमात दिसतात का गं?”

“दिसत असणार. दरबार रिकामा कसा दाखवतील?”

“मग आपण जायचं.”

याचं कारण पुण्यात राहतं. त्या म्हणजे सासूबाईंच्या मोठ्या जाऊबाई, आमच्या पुण्याच्या काकू. काकू दर थंडीत एका मोठ्या संगीत महोत्सवात पुढच्या रांगेत बसतात आणि दरवर्षी टीव्हीचा कॅमेरा क्षणभर त्यांच्यावर येऊन जातो. तो क्षण काकू कापून घेतात आणि घरच्या ग्रुपवर टाकतात. खाली लिहितात, ‘सहज दिसले.’ सासूबाई त्यावर अंगठा दाखवतात आणि दिवसभर भांडी आपटतात. गाण्याची जाण दोघींना सारखीच आहे. पण एक पुण्यात बसून टीव्हीवर दिसते आणि दुसरी मुलाच्या नोकरीपायी नोएडात येऊन पडली आहे, हे दुःख त्यांना सांधेदुखीपेक्षा मोठं आहे.

तर रविवारी आम्ही नऊवारी नेसून कॅबमध्ये बसलो. ड्रायव्हरने आरशातून पाहत “शादी है, आंटीजी?” असं विचारलं. सासूबाई म्हणाल्या, “नहीं, मुकाबला है.” त्याने आरसा वर फिरवला.

स्टुडिओ म्हणजे पत्र्याची मोठी शेड आणि आत दरबार. संगमरवरी खांब थर्माकोलचे होते. मी एकाला टेकले तर तो सरकला. दिल्लीत स्पर्धा परीक्षांची तयारी करणारी आपल्याकडची मुलं सरदार म्हणून आणली होती. पगड्या घालून ती अंगरख्याच्या बाहीत लपवलेल्या मोबाइलवर चालू घडामोडी वाचत होती. आवाज नको म्हणून कॅमेरा सुरू झाला की एसी बंद करायचे, त्यामुळे मेकअपसकट आम्ही सगळ्याजणी हळूहळू खाली ओघळत होतो.

सगळं दिग्दर्शकाच्या सहायक मुलीच्या हातात होतं. जीन्स, पायात स्लिपर, हातात वॉकीटॉकी. तिने सासूबाईंकडे पाहिलं, त्यांची नथ पाहिली आणि थेट पहिल्या रांगेत, मधोमध बसवलं. “आंटीजी का फेस बहुत अच्छा है!” सासूबाईंनी मान वळवून माझ्याकडे असं पाहिलं, जणू पुण्याला बातमी पोचलीच.

तबला आधीच रेकॉर्ड केलेला होता. तो स्पीकरवर वाजायचा आणि दोन्ही नट त्यावर हात चालवायचे. म्हातारा तबलजी हरणार होता, तरुण जिंकणार होता. तरुण जिंकायचा तो तिहाई वाजवून. तिहाई म्हणजे एकच तुकडा तीनदा वाजवायचा आणि तिसऱ्यांदा बरोबर समेवर येऊन थांबायचं. समेवर आला की प्रेक्षकांची मान आपोआप हलते, तोंडातून वाहवा निघते. त्यात शिकवण्यासारखं काही नाही.

पण या तरुणाचे केस खांद्यापर्यंत होते. दुसऱ्या तुकड्याच्या शेवटी तो ते मागे झटकायचा आणि ते सुरेख दिसायचं. दिग्दर्शकाने ठरवलं की वाहवा तिथेच हवी. मुलीने आम्हाला बजावलं, “बाल पीछे, और आप सब, वाह!”

पहिल्या वेळी केस मागे गेले, सगळा दरबार “वाह” म्हणाला, आणि सासूबाई दगडासारख्या बसून राहिल्या. मांडीवर त्यांची बोटं मोजत होती. तिसरा तुकडा संपला, सम आली आणि गप्प झालेल्या दरबारात त्यांनी एकटीनेच हात उचलून दणदणीत “वाह!” केलं.

“कट! आंटीजी, आप लेट हो गयीं.”

“मैं लेट नहीं हूँ,” सासूबाई म्हणाल्या. “ये सब लोग जल्दी में हैं. अभी एक बाकी था.”

“क्या बाकी था?”

“तुकडा!”

मुलीने तुकडा म्हणजे काय हे विचारलं नाही. पुन्हा केलं, पुन्हा तेच झालं. तिसऱ्यांदा सासूबाईंनी मान हलवायचा प्रयत्न केला, पण ती अर्ध्यात अडकली आणि त्यांना ढेकर आल्यासारखं दिसलं. मुलगी वॉकीटॉकीत काहीतरी बोलली. मग जवळ येऊन गोड आवाजात म्हणाली, “आंटीजी, आपको वहाँ पिलर के पीछे बिठा दूँ? आराम से बैठिये, पंखा भी है.”

खांबाच्या मागे पंखा होता हे खरं. कॅमेरा नव्हता.

सासूबाईंचा चेहरा पडला. मी त्यांच्या कानाशी गेले. “आई, समजावत बसायला वेळ नाही. खांब की मान, पटकन ठरवा.”

“अगं, पण दोनवर वाहवा कशी देऊ? लाज नाही का वाटणार?”

“कुणाची?”

त्यांनी पदर नीट केला आणि मुलीला म्हणाल्या, “एक बार और. बिल्कुल बराबर करूँगी.”

आणि काय केलं त्यांनी! केस मागे गेले मात्र, सासूबाईंचे डोळे मिटले, हात आढ्याकडे गेला, मान एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर लोळली आणि तोंडातून असा काही हुंकार निघाला की शेजारच्या सरदाराच्या बाहीतून मोबाइल खाली पडला. तिसरा तुकडा आला, संपला, समही आली. सासूबाईंनी तिच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. दिग्दर्शक स्वतः उठून आला. त्याने फक्त त्यांच्यावर कॅमेरा लावून तेच पुन्हा करायला लावलं. माझ्या वाट्याला त्या चौकटीत एक कोपर आलं.

सिनेमा लागला तेव्हा आम्ही मॉलमध्ये जाऊन पाहिला. सासूबाई पडदाभर दिसल्या. त्यांनी ग्रुपवर काहीही टाकलं नाही. नुसत्या फोन जवळ घेऊन बसल्या. दोन दिवसांनी तो वाजला, तेव्हा त्यांनी स्पीकर लावला.

“बघितला गं सिनेमा,” काकू म्हणाल्या. “भजनाच्या सगळ्या बायकांना घेऊन गेले होते.”

“दिसले का वहिनी मी?”

“दिसलीस. पण दोनवरच मान हलवलीस! या बायका मला विचारतात, तुमच्या जाऊबाईंना तिहाई कळत नाही का?”

“त्यांना तसंच हवं होतं.”

“मग उठून यायचं!”

“उठून आले असते तर तुम्हाला दिसले असते का?”

पलीकडे दार लावल्याचा आवाज आला.

“तिथे,” काकू म्हणाल्या, “पुण्याच्या बायकांना घेतात का गं?”

सासूबाईंनी सावकाश चष्मा काढून पुसला. “घेतीलही. पण तुम्हाला जमेल का ते? भलत्या जागी मान हलवणं सोपं नसतं.”

“कालपासून आरशासमोर करून बघतेय,” काकू रडवेल्या आवाजात म्हणाल्या. “तिसऱ्यालाच हलते मेली.”

“सवय करा,” सासूबाई म्हणाल्या आणि फोन माझ्या हातात दिला. “त्या शूटिंगच्या मुलीला कळवून ठेव गं, पुण्याहून एक बाई आहेत म्हणावं. अजून शिकतायत.”